गजाआडची ठेव

खिडकीला गज लावणे म्हणजे रस्त्याने जाणाऱ्या प्रत्येकावर आधीच आळ घेणे, असे मला फार दिवस वाटत आले आहे. दवनीवाड्यात आमचे कवेलूचे घर पाडून स्लॅबचे उभे राहते आहे. खिडक्यांची मापे द्यायची आहेत आणि नागपूरहून मुलाचा एकच धोशा, "आई, मजबूत लाव. तू एकटी असतेस."

ग्रील करणाऱ्याने सगळे नीट समजावून दिले. बारा एमएमचा भरीव चौकोनी गज, दोन गजांमध्ये चार इंचांहून जास्त फट नको. "बाई, गज जाड असून काय उपयोग? चौकटीला नुसत्या स्क्रूने अडकवली तर पहारीच्या हिसक्याने ग्रील हातात येते. तिचे पाय भिंतीत गाडायला पाहिजेत." ॲल्युमिनियमची सरकती खिडकी बंद असली तरी पल्ला वर उचलून रुळातून काढता येतो, म्हणून वरच्या रुळात अडसर हवा. टफन काच कणखर खरी, पण फुटली की तिचा पार चुरा होतो आणि वाट मोकळी. लॅमिनेटेड काचेत दोन थरांमध्ये चिवट पापुद्रा असतो, ती तडकली तरी चौकट सोडत नाही. आणि निजायच्या खोलीतली एक तरी ग्रील आतून उघडणारी हवी, घराला आग लागली तर बाहेर पडायला.

युरोपात अशा खिडक्यांच्या प्रती ठरलेल्या आहेत. आरसी दोन या प्रतीची खिडकी स्क्रूड्रायव्हर, पक्कड, पाचर अशा साध्या हत्यारांपुढे तीन मिनिटे टिकली की पास. आरसी तीनला पहारीपुढे पाच मिनिटे. हे कळल्यावर माझा विचार तिथेच अडकला. इतका पैसा ओतून विकत काय घ्यायचे, तर मिनिटे! त्या मिनिटांत कोणी जागे झाले नाही, आवाज ऐकून धावले नाही, तर ती व्यर्थच. म्हणजे गज बसवणाराही शेजाऱ्याच्याच भरवशावर असतो. दाराला दार लागून असलेल्या आमच्या गावात हे मला उघड दिसते. मग गजांना अविश्वासाची खूण मानणे कितपत खरे?

गांधीजींनी हा प्रश्न फार पुढे नेला आहे. 1909 साली विलायतेहून दक्षिण आफ्रिकेला परतताना बोटीवर त्यांनी गुजरातीत 'हिंद स्वराज' लिहिले. त्यात चोराचा दृष्टांत आहे. चोर अज्ञानी भाऊ आहे असे समजा, दारे-खिडक्या उघड्या ठेवा, वस्तू त्याच्या हाताशी येतील अशा ठेवा. तो नेईल, पण त्याचे मन ढवळून निघेल. सगळे चोर असेच वागतील असा दावा तेही करत नाहीत. मला हा दृष्टांत मनापासून पटतो, आणि तरीही माझ्या कपाटापाशी येऊन तो थांबतो. कारण त्या कपाटात आमच्या बचत गटाची पेटी आहे. त्यात धानाच्या बांधीत दिवसभर वाकून रोवणी केलेल्या बायांची मजुरी आहे. माझे सोने गेले तर मी चोराला क्षमा करीन, तो माझा त्याग. त्यांचा पैसा गेल्यावर क्षमा करायला मी कोण? दुसऱ्याच्या ठेवीवर उदार होणे हा धर्म नव्हे. आपल्यापुरते अपरिग्रह आणि परक्याच्या ठेवीसाठी पहारा, ही दोन्ही व्रते एकाच माणसाला पाळता येतात, पाळावीच लागतात.

पण पहाऱ्याने चोरी संपत नाही. दीघनिकायातले कूटदंत सुत्त मला या बाबतीत सगळ्यांत प्रामाणिक वाटते. महाविजित राजाच्या राज्यात लुटारू माजलेले असतात आणि त्याला मोठा यज्ञ करायचा असतो. पुरोहित सांगतो, मारून, कैद करून हे थांबायचे नाही. शेतकऱ्याला बियाणे आणि चारा दे, व्यापाऱ्याला भांडवल दे, चाकरी करणाऱ्याला वेतन दे. राजा तसे करतो आणि लोक लेकरांना कडेवर नाचवत, घराची दारे उघडी टाकून राहू लागतात. शनिशिंगणापूरलाही घरांना दारे नसण्याची ख्याती आहे, 2011 साली युको बँकेने तिथे कुलपाविना शाखा उघडली. त्या श्रद्धेला माझा नमस्कार. पण तिथे चोराला देवाचा धाक आहे. महाविजिताच्या राज्यात चोरी करण्याची गरजच उरली नाही, आणि मला ते उघडे दार अधिक मोलाचे वाटते.

मागच्या दोन खिडक्यांना भिंतीत गाडलेली ग्रील आणि लॅमिनेटेड काच सांगितली आहे. गटाच्या पुढच्या बैठकीत मी एक गोष्ट मांडणार आहे. रोवणी आटोपली की मजुरी करणाऱ्या घरांचे हात रिकामे होतात. त्या दिवसांत अंतर्गत कर्जाचा पहिला हक्क त्यांचा असावा, अगदी पेटी रिकामी झाली तरी.