जो आलाच नाही त्याचा हक्क

राजूर, ता. भोकरदन, जि. जालना
संकष्टी चतुर्थी

चि. ताईस,


तुझा फोन आल्यापासून विषय डोक्यातून जात नाही. तुमच्या कार्यालयाच्या निविदेत ज्याचा दर सगळ्यात कमी आला त्याच्याकडे मागितलेला अनुभवाचा दाखला नाही. पण माणूस कामाचा आहे, शासनाचे पैसे वाचतात, आणि साहेब म्हणतात, ‘तेवढी एक अट सोडून द्या, कुणाचं काय जातंय?’ तू मला विचारलंस, खरंच कुणाचं काही जातं का?

जातं. आणि ज्याचं जातं तो तुझ्या टेबलासमोर कधी येणार नाही, म्हणून सविस्तर लिहितो.

आपल्या राजूरचंच बघ. अंगारकीला गणपतीपायी इथे उभं राहायला जागा नसते, पण एरवी स्टँडवरच्या हॉटेलात डिप्लोमा झालेली पोरं बसलेली दिसतात. त्यातला एखादा मोबाइलवर महाटेंडर हे शासकीय निविदांचं संकेतस्थळ उघडतो. काम त्याच्या आवाक्यातलं असतं. वाचत वाचत तो अटींपाशी येतो: याच प्रकारचं, इतक्या रकमेचं काम आधी पूर्ण केलेलं असावं. त्याच्याकडे ते नाही. तो दर काढत नाही, बयाणा भरत नाही, चहाचे पैसे देऊन उठतो. त्याने तुमच्या छापील शब्दावर विश्वास ठेवला. लिफाफे उघडल्यावर तीच अट तू दुसऱ्यासाठी सोडलीस, तर फसला तो. आणि त्याला ते कळणारही नाही.

हे माझ्या मनचं नाही. 1977 च्या जानेवारीत मुंबईच्या सांताक्रूझ विमानतळावर रेस्टॉरंट आणि दोन स्नॅक बार चालवायला देण्यासाठी निविदा निघाली. अट अशी की निविदाधारक नोंदणीकृत द्वितीय श्रेणीचा हॉटेलचालक हवा, अनुभव किमान 5 वर्षांचा. सहा निविदा आल्या. सगळ्यात जास्त रक्कम देणाऱ्याला काम मिळालं. त्याला कँटीन चालवण्याचा अनुभव भरपूर होता, पण तो तसा हॉटेलचालक नव्हता. रमण दयाराम शेट्टी यांनी निविदाच भरली नव्हती, तरी ते न्यायालयात गेले. म्हणणं एवढंच: ही अट सुटणार हे आधी कळलं असतं, तर आम्हीही भरली असती. मे 1979 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा मुद्दा उचलून धरला. सरकारी यंत्रणेने स्वतः जाहीर केलेला निकष तिने स्वतः पाळलाच पाहिजे. जास्त पैसे मिळतात हे अट मोडायला कारण होत नाही.

पण पुढचं वाच, तेच तुझ्यासाठी महत्त्वाचं आहे. न्यायालयाने तो करार रद्द केला नाही. शेट्टी उशिरा आले होते, तोवर काम मिळालेल्याने खर्च करून स्नॅक बार सुरूही केले होते. तत्त्व जिंकलं, हातात काही आलं नाही. न्यायालय बहुधा असंच उशिरा पोहोचतं. तोवर रस्त्यावर डांबर पडलेलं असतं. न्याय वेळेवर द्यायचा तर तो तुझ्या टेबलावरच, कार्यारंभ आदेशाच्या आधी.

पण याचा अर्थ प्रत्येक कागदाला कवटाळून बस असा नाही. 1991 च्या पोद्दार स्टीलच्या प्रकरणात रेल्वेच्या भंगाराच्या निविदेत अनामत रक्कम स्टेट बँकेच्या ड्राफ्टऐवजी युनियन बँकेच्या चेकने आली होती, आणि ती स्वीकारली यात न्यायालयाला गैर दिसलं नाही. पैसे सुरक्षित होते, त्या तपशिलामुळे कुणी घरी बसलं नव्हतं. एखाद्या पानावर सही राहिली तर मागून घे, पण सगळ्यांकडून, सारखीच मुदत देऊन. अनुभवाची अट मात्र दारातच माणसं परत पाठवते. ती मधेच सुटत नाही.

आणखी एक अट दिसली की सावध हो: उपअभियंत्याकडून जागा पाहणीचा दाखला आणा. वरून किती रास्त! पण दाखला मागायला कोण कोण आलं, यावरून भरणारे कोण ते आधीच फुटतं. मग साहेब ‘साइटवर’ असतात, शिक्का कपाटात असतो, शेवटची तारीख निघून जाते. एका सहीत टेंडर मॅनेज होतं. जागा पाहिल्याचं स्वयंघोषणापत्र पुरेसं आहे. मसुदा तुझ्याकडे आला तर तेच सुचव.

आता तुझ्या फाइलीचं. अट जास्तच कडक होती असं खरंच वाटत असेल तर ही निविदा रद्द करा, अट सैल करून पुन्हा जाहिरात द्या. वेळ जाईल. पण तो हॉटेलातला पोरगाही भरेल आणि दर कदाचित आणखी खाली येतील. अट योग्य होती असं वाटत असेल तर या कमी दरवाल्याला अपात्र करा आणि कारण त्याला लेखी कळवा, ‘कागदपत्रे अपूर्ण’ असं मोघम नको. कोणतं कलम, कोणता दाखला, ते लिहा. टाटा सेल्युलरच्या 1994 च्या निकालापासून न्यायालय मुख्यतः हेच तपासतं की तुम्ही निर्णयापर्यंत कसे पोहोचलात, आणि ते फक्त तुझ्या टिपणीतून दिसतं.

साहेबांशी केबिनमध्ये तोंडी वाद घालू नकोस. टिपणी लिही, तारीख घाल, सही कर आणि वर पाठव. त्यांना वेगळा निर्णय घ्यायचा असेल तर त्यांनीही तो त्याच फाइलीवर लिहावा. सोमवारच्या आधी टिपणीचा मसुदा मला व्हॉट्सअ‍ॅपवर टाक, रात्रीत वाचून देतो. मामी तुझी वाट बघतेय.

तुझा,
मामा