स्वतःला हंसावें, पण कोणापाशीं?

मागल्या वारींत आमच्या दिंडींत एक गृहस्थ होते. टाळ गोड वाजवीत, पण तोंड उघडलें कीं स्वतःचीच थट्टा. भाकरी वाढायला आली कीं म्हणत, “मला कशाला? भुईला भार आहेच, त्यांत आणखी कां घालतां?” पंगत हंसे. मीही हंसलों, खोटें कशाला बोलूं!

लोणंदच्या मुक्कामीं रात्रीं ते तंबूबाहेर एकटे बसलेले दिसले. म्हणाले, “महाराज, मीच मला शिव्या घातल्या, कीं दुसऱ्याला घालायला जागा राहत नाहीं.” धंदा बुडालेला, भावाचे पैसे अंगावर. जीव द्यावासा वाटतो का, हें मीं सरळ विचारलें. तें विचारायला लाजूं नये. “वाटतो,” म्हणाले. त्या रात्रीं त्यांना एकटें सोडलें नाहीं. सकाळीं वारीबरोबरच्या डॉक्टरांकडे नेलें, भावाला निरोप धाडला.

रात्रभर गोष्टी तुकोबांच्याच. १६३० च्या सुमारास दुष्काळ पडला, दिवाळें निघालें, थोरली पत्नी अन्नावांचून गेली. आणि हे महापुरुष देवाला काय ऐकवतात? बरें झालें म्हणून! दिवाळें, अपमान, गुरें गेलीं, सगळ्यालाच बरें. दुसऱ्या एका अभंगांत तर घरांतल्या एकेका मरणापुढें सुटकेचा शेरा मारतात. ऐकणाऱ्याला हंसूं येतें आणि घशांत आवंढाही येतो. साहित्यशास्त्रांत व्याजस्तुति म्हणून अलंकार आहे, वरून स्तुति, आंत निंदा. पण इथें स्तुतिही खरी, तक्रारही खरी. अलंकारशास्त्र्यांनीं याला कोणत्या खणांत ठेवावें तें ठेवावें.

गृहस्थ म्हणाले, “मग मी वेगळें काय करतों?” मीं म्हटलें, “बोलणें तेंच, पण तुम्ही पंगतीला ऐकवतां. पंगत हंसते आणि हात धुवून उठते. तुकोबांचा ऐकणारा विटेवरून उठत नाहीं.” शिवाय तुकोबांनीं स्वतःला पतित म्हटलें तें हात पुढें करण्यासाठीं, आपण म्हणतों तें दार लावून घेण्यासाठीं. गीतेच्या सहाव्या अध्यायांत भगवंतांनीं सांगितलें कीं आपणच आपल्याला खचूं देऊं नये. तिथें ‘कर्जबाजारी असल्यास चालेल’ अशी सवलत नाहीं!

यावर ते जरा हंसले. मग पुष्कळ रडले.

वाखरीच्या मुक्कामीं भाऊ येऊन पोंचला होता. दोघे शेजारीं बसले. भाकरी आली तेव्हां सगळी पंगत त्यांच्या तोंडाकडे बघूं लागली. गृहस्थ म्हणाले, “दोन वाढा. भुईचा भार विठोबाच्या खात्यावर लिहा, त्याला सांगून ठेवलंय.”