गरम इंजिन

गिऱ्हाईक नऊ वाजता येणार होतं. सात वाजता वडील म्हणाले, "जरा चालू करून ठेव. अर्धा तास पळू दे, मग बंद कर."

मी ट्रॅक्टर चालू केला, अर्धा तास पळू दिला आणि बंद केला. का, ते मी विचारलं नाही आणि त्यांनी सांगितलं नाही. दोघांनाही माहीत होतं. त्या अर्ध्या तासात आम्ही नेमकं काय केलं, हा प्रश्न अजून माझ्या डोक्यातून जात नाही.

ट्रॅक्टर होता महिंद्राचा जुना बी-२७५. १९६३ साली महिंद्रा, अमेरिकेतली इंटरनॅशनल हार्वेस्टर आणि व्होल्टास यांनी मिळून ट्रॅक्टरची कंपनी काढली आणि १९६५पासून हे मॉडेल मुंबईत तयार व्हायला लागलं. चार सिलेंडर, पस्तीस हॉर्सपॉवर. आमचा त्याच्या बऱ्याच नंतरचा, तोही आजोबांनी वापरलेलाच घेतलेला. निमगाव सावाच्या आमच्या रानात त्यानं इतके हंगाम काढले, की तो घरातला एक म्हातारा माणूसच झाला होता. आणि म्हाताऱ्या माणसाची सकाळ जशी अवघड असते, तशी त्याचीही होती.

का ते सांगतो. मोटरसायकलच्या इंजिनात प्लगची ठिणगी पडते आणि पेट्रोल पेटतं. डिझेल इंजिनात ठिणगीच नसते. आत घेतलेली हवा साधारण विसावा हिस्सा जागेत दाबली जाते, दाबल्यामुळे ती पाचशे अंशांच्या पुढे तापते आणि तिच्यात डिझेलचा फवारा आला की तो आपोआप पेटतो. पण थंडीत लोखंड गार असतं, ते हवेची उष्णता ओढून घेतं आणि डिझेल पेटत नाही. म्हणून या इंजिनाला चार हीटर प्लग असतात. सेल्फ मारायच्या आधी थोडा वेळ ते तापवायचे. चालू झालं की त्यांचं काम संपलं. दिवसभर इंजिन स्वतःच्याच उष्णतेवर चालतं.

हे चार प्लग एकामागून एक जोडलेले असतात, गणपतीच्या मखरातल्या जुन्या लाइटच्या माळेसारखे. एक जळाला की चारही बंद. कुठला गेला ते शोधायचं म्हणजे टेस्टिंगचा बल्ब घ्यायचा, एक टोक बॉडीला लावायचं, दुसरं क्रमानं प्रत्येक प्लगला टेकवत जायचं. जिथं बल्ब पेटायचा बंद होतो, तिथला अलीकडचा प्लग मेलेला.

आमचा तिसरा प्लग दोन वर्षांपूर्वी गेला होता. कांदा काढणीची घाई होती, नवीन आणायला सवड नव्हती. मी तांब्याच्या तारेचा तुकडा घेऊन मेलेल्या प्लगची दोन टोकं जोडून टाकली. माळ पुन्हा सुरू झाली. पण चौघांत वाटला जाणारा ताण आता तिघांवर आला. ते जास्त तापणार आणि लवकर जळणार, हे मला माहीत होतं. आठ दिवसांत नवीन प्लग आणू म्हणून लावलेली तार दोन वर्षं तशीच राहिली. तिच्यावर तेल आणि धूळ बसली, ती दिसेनाशी झाली. थंडीत आम्ही ट्रॅक्टर गोठ्याशेजारच्या उतारावर लावायचो. सेल्फनं झाला तर झाला, नाहीतर उतार होताच.

गिऱ्हाईक म्हणजे शेजारच्या गावचा पंचविशीतला मुलगा. दसरा नुकताच झाला होता, हवा उबदार होती. ट्रॅक्टर उतारावर नव्हता, अंगणात सपाटीला होता. मुलानं सेल्फ मारला, पहिल्या झटक्यात इंजिन सुरू झालं. त्यानं टायर पाहिले, हायड्रॉलिक वरखाली करून पाहिलं, बोनेटवर हात ठेवून थोडा वेळ उभा राहिला. थंडीत कसा चालू होतो, असं त्यानं विचारलं नाही. आम्ही सांगितलं नाही. चहा झाला, भाव तुटला, त्याच दिवशी ट्रॅक्टर गेला.

आता आमची बाजू मांडून पाहतो, कारण तिला काही वजनच नाही असं नाही. आम्ही खोटं बोललो नाही. चाळीसेक वर्षांचं यंत्र चाळीस वर्षांच्याच किमतीला दिलं. जुनं घेणाऱ्यानं नीट बघून घ्यावं, विचारावं, सोबत मिस्त्री आणावा. तुम्ही स्वतःचा जुना फोन विकताना असंच म्हणता. चार्जरची पिन जरा तिरकी धरली तरच चार्ज होतो, पण समोरच्यानं विचारलं नाही तर आपण कशाला सांगा?

कायदाही काही अंशी आमच्या बाजूनं आहे. १८७२च्या भारतीय करार कायद्याचं सतरावं कलम फसवणूक म्हणजे काय ते सांगतं आणि समजावण्यासाठी घोड्याचं उदाहरण घेतं. एकजण लिलावात घोडा विकतो. घोड्यात खोट आहे हे त्याला ठाऊक आहे, पण तो काही बोलत नाही. ही फसवणूक नाही. पण घेणारी त्याचीच नुकती सज्ञान झालेली मुलगी असेल, तर नात्यामुळे सांगणं त्याचं कर्तव्य ठरतं. आणि घेणारा म्हणाला, की तू नाही म्हटलं नाहीस तर मी घोडा चांगला आहे असं धरून चालेन, तर मग गप्प राहणं हे बोलण्यासारखंच.

पहिल्या उदाहरणावर मला हायसं वाटलं. पण त्याच कलमात अजून एक गोष्ट आहे. माहीत असलेली गोष्ट मुद्दाम झाकून ठेवणं, ही फसवणूक. लिलावातला माणूस नुसता गप्प होता. त्यानं घोड्याचा लंगडा पाय दिसू नये म्हणून पहाटे उठून काही केलं नव्हतं. मी सात वाजता उठून केलं होतं.

हा फरक जुना आहे. रोमच्या सिसेरोनं इसवी सनापूर्वी ४४ साली आपल्या मुलासाठी कर्तव्यांवर एक ग्रंथ लिहिला. त्यात एक व्यापारी दुष्काळ पडलेल्या ऱ्होड्स बेटावर धान्याचं जहाज घेऊन येतो. मागून आणखी जहाजं येत आहेत, हे त्याला माहीत आहे. ते सांगावं, की गप्प राहून चढ्या भावानं विकावं? सिसेरो दोन तत्त्वज्ञांना समोरासमोर बसवतो. एकाच्या मते कायदा सांगायला लावतो तेवढे दोष सांगितले की पुरे. दुसऱ्याच्या मते विकणाऱ्याला माहीत असलेलं सगळं घेणाऱ्यालाही कळलं पाहिजे. सिसेरोचा कौल असा, की प्रत्येक गप्प राहणं म्हणजे लपवणं नव्हे. पण ज्याला ते कळण्यात हित आहे, त्याला ते कळू नये असं आपल्या फायद्यासाठी आपल्याला वाटतं, तेव्हा ते लपवणं होतं.

हे समजायला मला रोमला जायची गरज नव्हती. आमच्या जवळच्या बेल्ह्याला सोमवारी बैलबाजार भरतो. लहानपणी आजोबांबरोबर मी तिथं जायचो. व्यापारी रुमालाखाली बोटं धरून भाव ठरवायचे. त्या भावात काय चालायचं ते कुणाला दिसत नसे, आणि फसवाफसवी तिथंही होतीच. पण आजोबा बैल देताना त्याची खोड सांगायचे. हा डाव्या खांद्याचा आहे, उजवीकडे जुंपाल तर अडेल. हा अनोळखी माणसानं मागून हात लावला की लाथ मारतो. भाव कमी होईल म्हणून मी एकदा कुरकुरलो, तर म्हणाले, "अरे, खोड बैलाबरोबरच जाती. आपल्याकडं ठिवून काय करायची?"

तेव्हा मला हा त्यांचा चांगुलपणा वाटला होता. आता वाटतं, त्यात दानधर्म नव्हता, हिशोब होता. जुनं यंत्र निम्मं लोखंडाचं असतं आणि निम्मं मालकाच्या माहितीचं. कुठला नट किती आवळायचा, सेल्फ किती वेळ दाबायचा, तार कुठं आहे. नव्या ट्रॅक्टरबरोबर पुस्तक येतं, जुन्याचं पुस्तक मालकाच्या डोक्यात असतं. ते न देता नुसतं लोखंड देणं म्हणजे माप कमी भरणं. खोड सांगितली म्हणजे उपकार केला असं नाही, विकलेली वस्तू पूर्ण दिली एवढंच.

डिसेंबरच्या शेवटी त्या मुलाचा फोन आला. तक्रारीचा सूर नव्हता. म्हणाला, "दादा, तुमच्याकडं हा गार असताना कसा चालू व्हायचा?"

दुसऱ्या दिवशी मी चार नवीन प्लग घेऊन गेलो. कांद्याची रोपं लागणीला आलेली, रान तयार करायचं राहिलेलं, सांगून ठेवलेल्या मजूर बायका दोनदा परत गेलेल्या. तिथल्या मिस्त्रीनं पहिल्या प्लगला बल्ब लावून पाहिला होता. बल्ब पेटला, म्हणून प्लग ठीक आहेत असं ठरलं. सेल्फ मारला की सायलेन्सरमधून पांढरा धूर यायचा, म्हणजे डिझेल पोचतंय पण पेटत नाही. मग नोझल काढून तपासले, डिझेल पंप उतरवून नेला. पैसे गेले, आठवडा गेला. इकडे माझ्या तारेमुळे जास्त तापलेला दुसरा प्लगही जळालेला होता. पुढं बल्ब लावायचं कुणाला सुचलं नव्हतं. तार कुणालाच दिसली नव्हती.

मी तेल पुसून तार दाखवली. ती कुणी लावली ते सांगितलं. अर्धा तास इंजिन चालवून ठेवल्याचंही सांगितलं.

तो हसला. "ते कळलं होतं मला. बोनेटला हात लावला तेव्हाच चटका बसला. म्हणून तर पंधरा हजार तोडून बोललो. पण नेमकं काय लपवलंय ते कळंना."

घरी येताना त्याच्या या बोलण्यावर विचार करत होतो. एका अर्थी तो फसला नव्हता, त्यानं आमच्या अप्रामाणिकपणाची किंमत आधीच कापून घेतली होती. मग आमचं काय चुकलं? मला उत्तर असं सुचलं, की पैसे कापून संशयाची भरपाई होते, अज्ञानाची होत नाही. पंधरा हजार त्याच्या खिशात राहिले, पण तार कुठं आहे ते त्या पैशांनी सांगितलं नाही. आणि त्या मजूर बायकांचे दोन दिवस तर कुठल्याच भावात धरलेले नव्हते.

मग सगळंच सांगायचं का? प्रत्येक ओरखडा, प्रत्येक पंक्चर? तसं कुणी सांगू शकत नाही. मी माझ्यापुरती एक खूण ठरवली आहे. जी गोष्ट समोरच्याला दिसू नये म्हणून मला काहीतरी जुळवाजुळव करावी लागते, ती सांगायचीच. ट्रॅक्टर धुऊन ठेवणं यात येत नाही, धुतल्यानं तो उलट नीट दिसतो. अंगणात सपाटीला लावणं, इंजिन गरम करणं यात येतं. फोनची पिन तिरकी धरून आधीच शंभर टक्के चार्ज करून ठेवणंही येतं. हात कामाला लागले, याचा अर्थ मनाला आधीच कळलेलं असतं.

राहिले वडील. ते लबाड नाहीत. दुकानदारानं दहा रुपये जास्त परत दिले तर उन्हातून मागं जाऊन देऊन येतात. ट्रॅक्टर विकताना सगळेच असं करतात, म्हणून त्यांनी केलं. आणि मी वडिलांनी सांगितलं म्हणून केलं. दोघांनाही कारण होतं, तरी काम व्हायचं ते झालंच.

मी घरी पोचलो तेव्हा ते ओट्यावर बसले होते. कुठं गेलो होतो ते त्यांना कळलेलं होतं.

"झाला का चालू?"

"झाला. चारही प्लग बदलले."

ते थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "डिझेलचा कॉक पुरा उघडला की गळतो. अर्धाच उघडायचा. ते सांगितलंस का त्याला?"

ते सांगायचं राहिलं होतं. मी फोन लावला.