निसर्गाची सनद

पुण्यात सिंचननगरच्या मैदानावर डिसेंबराच्या थंडीत भीमथडी जत्रा भरते. ज्या भीमाकाठच्या तट्टांनी एके काळी मराठ्यांच्या स्वाऱ्या दूरवर नेल्या, त्यांच्या नावाच्या या जत्रेत आता हुरडा, मासवडी, घोंगड्या आणि बचत गटांतील बायकांनी घरी कुटून, वस्त्रगाळ करून आणलेली उटणी विकली जातात. अशाच एका उटण्याच्या गाळ्यापुढे मी रेंगाळलो असता शेजारी एक आफ्रिकी विद्यार्थिनी येऊन उभी राहिली. शिक्षणासाठी आफ्रिकेतून आलेले तरुण-तरुणी पुण्याला नवीन नाहीत. पण ही मुलगी पुड्या उलटसुलट करून त्यांवरचा मजकूर ज्या बारकाईने वाचू पाहत होती, ती गिऱ्हाइकाची नव्हे, व्यावसायिकाची बारकाई होती. गाळ्यावरच्या प्रौढ बाई मायेने म्हणाल्या, "हे लाव बाळ, सगळं नैसर्गिक आहे, पंधरा दिवसांत उजळशील." मुलगी मोकळेपणाने हसली आणि अर्ध्या हिंदीत, अर्ध्या मराठीत म्हणाली, "उजळून काय करू, मावशी? थंडीनं अंग उलू नये, एवढंच पाहिजे." मग तिने पिशवीतून एक डबी काढली. उत्तर घानातल्या तिच्या आईने शिआच्या बियांपासून काढलेले ते पिवळट लोणी होते, आणि परत गेल्यावर त्याचाच व्यवसाय उभारण्याचा तिचा मनोदय होता. बाईंनी ते बोटावर घेऊन हुंगले, मनगटावर चोळले आणि "तुपासारखं आहे की!" असा अभिप्राय दिला.

त्या दोघींचा संवाद एवढाच. पण बाईंच्या एका वाक्यात जे दोन शब्द शेजारी शेजारी बसले होते, ‘नैसर्गिक’ आणि ‘उजळशील’, त्यांनी मला पुढे बरेच दिवस स्वस्थ बसू दिले नाही. जे निसर्गाने दिले ते उत्तमच, असे जर आपण मानतो, तर निसर्गानेच दिलेला वर्ण बदलण्याची हमी त्याच निसर्गाच्या नावाने कशी देता येते? आणि निसर्गाला ही सनद, म्हणजे शुद्धतेची आणि जवळजवळ पावित्र्याची सनद, दिली तरी कोणी?

आपल्या दर्शनांपैकी ज्याने प्रकृतीचा सर्वाधिक कसून विचार केला, त्या सांख्याकडे हा प्रश्न नेला तर उत्तर अनपेक्षित मिळते. ईश्वरकृष्णाच्या गणनेत मूळ प्रकृती एकच आणि ती अव्यक्त. महत्, अहंकार आणि पाच तन्मात्रे ही सात तत्त्वे स्वतः विकार असून पुढच्या विकारांना जन्म देणारी. आणि मन, दहा इंद्रिये व पाच महाभूते हे सोळा निव्वळ विकार. या हिशेबाने आंबेहळद, वाळा, नागरमोथा आणि गव्हला-कचोरा ही सारी मंडळी पांचभौतिक, अतएव विकाराच्याच खात्यात रुजू होतात, आणि डांबरापासून काढलेला कृत्रिम रंगही त्याच खात्यात, त्याच पानावर. जे दिसते, जे हुंगता येते, जे पुडीत बांधता येते, ते मूळ प्रकृती नव्हेच; इतका निष्ठुर समभाव आपल्या औषधी दुकानदारांना मानवणार नाही, आणि खरे सांगायचे तर मलाही तो पुरता मानवत नाही, कारण हळद आणि डांबर यांत अंगाला कळणारा भेद आहेच.

तो भेद समजून घ्यायला चरकाची ‘संस्कार’ ही कल्पना अधिक उपयोगी पडते. द्रव्यात पाणी, अग्नी, मंथन, काळ, भांडे यांच्या योगाने दुसऱ्या गुणाचे आधान करणे म्हणजे संस्कार. म्हणजे द्रव्याचे भले-बुरे त्याच्या जन्मावर जितके, तितकेच त्याच्यावर काम करणाऱ्या हातावरही ठरते. आपले कुंकू हेच पाहा. हळदीला चुन्यासारखे क्षारद्रव्य लागले की ती लाल होते, आणि जी वस्तू क्षणापूर्वी स्वयंपाकघरातली होती ती सौभाग्याची होते. उलट हिंगूळ खाणीतून निघतो, त्याच्याइतके नैसर्गिक दुसरे काय असणार. पण तो पाऱ्याचा आणि गंधकाचा संयोग आहे, आणि शेंदूर तर शिशाचा. ज्या मिनामाता गावातील कोळ्यांच्या पिढीने पाऱ्याचे विष भोगले, त्याच्या नावाने 2013 साली झालेल्या आंतरराष्ट्रीय कराराला त्वचा गोरी करणाऱ्या मलमांतील पाऱ्यावर निर्बंध घालावे लागले. निसर्गाच्या कोठारात विष आणि औषध एकाच फळीवर ठेवलेले असते, आणि युक्तीने वापरलेले विषही औषध होते, दुर्युक्त औषधही विष होते, हे चरकाने फार पूर्वी बजावून ठेवले आहे.

सरकारदरबारीही हा प्रश्न निराळ्या वेषात गेला होता. आपल्याकडच्या पेंढरकरांच्या विको कंपनीचे हळदीचे मलम हे आयुर्वेदिक औषध की सौंदर्यप्रसाधन, यावर अबकारी खात्याशी चाललेला कज्जा दोन दशकांहून अधिक काळ रेंगाळला, आणि 2004 च्या अखेरीस सर्वोच्च न्यायालयाने कंपनीच्या बाजूने फैसला दिला. तंटा मुळात कराच्या दराचा होता. तरी हळद रोग बरा करते की रूप खुलवते, याचा निवाडा न्यायासनाने करावा, ही गोष्ट एखाद्या नैयायिकाला मोठी रुचली असती.

त्या मुलीच्या डबीकडे परत येतो. शिआचे झाड पश्चिम आफ्रिकेच्या कोरड्या गवताळ मुलखात वाढते आणि फळावर यायला त्याला पंधरा-वीस वर्षे लागतात. गळालेली फळे बायका वेचतात. बिया उकळून वाळवणे, फोडणे, भाजणे, दळणे आणि पाणी घालून तो लगदा हातांनी घुसळणे, एवढ्या संस्कारांनंतर लोणी वर येते. अठराव्या शतकाच्या अखेरीस मंगो पार्क या स्कॉटिश प्रवाशाने त्याचे कौतुकाने वर्णन केले, आणि झाडाच्या शास्त्रीय नावात बराच काळ त्याचे नाव राहिले; घुसळणाऱ्या बायकांपैकी कोणाचे राहिले नाही. ते लोणी ‘नैसर्गिक’ म्हणून युरोपातील दुकानांत विकले जाते तेव्हा जे लपते ते नेमके हे मनगटांचे श्रम. निसर्गाच्या नावाची सनद दिली की माणसाचा पगार विसरता येतो, ही सोय व्यापाऱ्यांनी बरोबर हेरली आहे.

कोणी विचारील की, हा सारा देहाचा पसारा. वैराग्याच्या देशात त्याची मीमांसा कशाला? पण याच देशात एका भर्तृहरीच्या नावावर शृंगारशतकही आहे आणि वैराग्यशतकही. आणि ज्या धर्मशास्त्राने ब्रह्मचाऱ्याला अभ्यंग व अंजन वर्ज्य केले, त्यानेच नरकचतुर्दशीच्या पहाटे गृहस्थाला अभ्यंगस्नान आवश्यक ठरवले. म्हणजे निषेध तेल-उटण्याचा नव्हता, ते कोणी आणि केव्हा लावावे याचा होता; आणि आपले पातक तिथेच दडलेले आहे. यतीने जो त्याग व्रत म्हणून स्वीकारला, तोच आपण विधवेवर शिक्षा म्हणून लादला, आणि दोन्हींना एकच नाव दिले: धर्म. 1896 साली धोंडो केशव कर्व्यांनी याच पुण्यात विधवांसाठी आश्रम काढला. तरीही पती गेल्यावर कुंकू पुसू नये, बांगड्या फोडू नयेत, असा ठराव करायला कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाडच्या ग्रामपंचायतीला 2022 साल उजाडावे लागले. चिमूटभर कुंकवाला जर एवढा अर्थ असेल, तर प्रसाधनाला क्षुल्लक म्हणण्याचा अधिकार निदान आपल्याला तरी उरलेला नाही.

आणि वर्णाविषयी काय बोलावे! ज्या महाराष्ट्राने आपल्या सर्वांत लाडक्या देवाला सावळा म्हणून शतकानुशतके आळवले, त्याच महाराष्ट्राच्या वधूवर-जाहिरातींत ‘गोरी’ हे विशेषण शिक्षणाच्याही आधी येते. गोरेपणाच्या नावाने 1975 साली बाजारात आलेल्या मलमाने 2020 साली नावातला गोरेपणा पुसला; वृत्ती पुसली असे म्हणवत नाही. पंढरपुरात मात्र गुढीपाडव्यापासून मृग नक्षत्र लागेपर्यंत विठ्ठलाला रोज चंदनउटी लावतात. ती कशासाठी, तर उन्हाळ्यात देवाला ताप होऊ नये म्हणून. त्याला उजळ करण्यासाठी ती आहे असे कोणा वारकऱ्याच्या स्वप्नातही येणार नाही. लेपनाचा हा हेतू मला सर्वांत शुद्ध वाटतो, आणि घानाच्या त्या मुलीने ‘अंग उलू नये एवढंच’ असे म्हटले तेव्हा तिने नकळत पंढरपूरच्या पुजाऱ्यांचाच पक्ष घेतला होता.

मी त्या गाळ्यावरून एक पुडी आणली. उटणे उत्तम आहे. वाळ्याचा वास अजून हाताला येतो. पुडीवर नऊ द्रव्यांची नावे सुवाच्य छापली आहेत, प्रमाण मात्र एकाचेही नाही, आणि खाली ठळक अक्षरांत तेच: ‘नैसर्गिक, रंग उजळवणारे’. त्या बाईंच्या वाचनात हा लेख आला तर त्यांना माझी विनंती आहे की, पुढल्या जत्रेच्या वेळी ती खालची ओळ काढावी आणि त्या जागेत प्रमाण लिहावे. जागा अगदी पुरेशी आहे.