‘लिंबाचं आहे, आत्या’

अमेरिकेत फ्लोरिडाच्या दक्षिण टोकाला ‘कीज’ नावाच्या बेटांची रांग आहे. ‘की लाइम पाय’ हा तिथला गोड पदार्थ. बिस्किटांचा चुरा लोण्यात कालवून भांड्याच्या तळाला दाबायचा, भाजून घ्यायचा. एक डबा कंडेन्स्ड मिल्क, चार अंड्यांचा पिवळा बलक आणि अर्धा कप लिंबाचा रस फेटून त्यावर ओतायचा. आम्लामुळे दुधातली प्रथिनं आपोआप घट्ट होतात. ओव्हनमध्ये 175 अंशांवर पंधराएक मिनिटं पुरतात. मी चुऱ्यासाठी आलं-दालचिनी-लवंगेची बिस्किटं घेते.

या पदार्थाच्या खरेपणावरून तिकडे मोठे वाद आहेत. 1926च्या चक्रीवादळात तिथल्या लिंबाच्या बागांची फार हानी झाली, आणि नंतर बागायतदार मोठ्या, बिनबियांच्या पर्शियन लिंबाकडे वळले. त्या लिंबाचा पाय ‘की लाइम’ म्हणून विकणाऱ्याला दंड करावा, असं विधेयक 1965मध्ये फ्लोरिडाच्या विधिमंडळात आलं होतं. ते मंजूर झालं नाही. खऱ्या रसाचा पाय फिकट पिवळा असतो. हिरवागार दिसला तर रंग घातलाय असं समजावं.

गंमत म्हणजे ‘की लाइम’ हे वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने आपलं कागदी लिंबूच. ते मूळचं आशियातलं. म्हणजे पुण्याच्या मंडईतली लिंबं पिळून केलेला माझा पाय अमेरिकेतल्या कितीतरी दुकानांतल्या पायपेक्षा ‘अस्सल’ ठरतो. आणि डब्यातलं दूध? बेटांवर ताजं दूध आणि बर्फ दुर्मीळ, म्हणून तर ते आलं. जो पदार्थ मुळात अडचणीतून, अदलाबदलीतून जन्मला, त्याची शुद्धता कशाच्या आधारे ठरवायची? नाव खरं सांगितलं की पुरे, असं मी पूर्वी मोठ्या आत्मविश्वासाने म्हणायचे.

तीन वर्षांपूर्वी आत्या घरी आली होती. ती माळकरी आहे. पाय पाहून तिने विचारलं, “काय गं, यात अंडं नाही ना?” ताटली तिच्या हातात होती, पाहुणे जमले होते, कौतुक चाललं होतं. मी म्हटलं, “लिंबाचं आहे, आत्या.” तिने आवडीने खाल्लं, आणखी एक तुकडा मागून घेतला.

माझ्या वाक्यात एकही शब्द खोटा नव्हता. ‘नरो वा कुंजरो वा’ हा वाक्प्रचार आपण किती सहज वापरतो! युधिष्ठिराच्या त्या वाक्यातही अक्षरशः खोटं काही नव्हतं. तरी द्रोणांनी शस्त्र खाली ठेवलं, कारण त्यांनी शब्दांवर नव्हे, सांगणाऱ्यावर विश्वास ठेवला होता. आत्यानेही तेच केलं होतं.

मी मनाशी पुष्कळ वाद घातला. तिला काही बाधलं नाही. उलट आनंदच मिळाला. पण बाधणं पोटापुरतं असतं का? काय खायचं नाही हे तिने आयुष्यभर सांभाळलेलं होतं. अंड्याबद्दल माझं मत काहीही असो, त्या संध्याकाळचा निर्णय तिचा होता आणि तो मी परस्पर घेऊन टाकला, तोही फक्त माझी अडचण टळावी म्हणून. लिंबू कुठलं, हा पदार्थाच्या इतिहासाचा प्रश्न झाला; त्यावर हवे तितके वाद घालावेत. यात अंडं आहे का, हा समोरच्या माणसाचा प्रश्न होता, आणि त्याचं उत्तर मला माहीत होतं.

महिन्याभराने मी तिला सांगितलं. ती थोडा वेळ गप्प राहिली. मग एवढंच म्हणाली, “तेव्हाच सांगायचंस की.” रागावली नाही, बोलणं टाकलं नाही. आजही येते. फक्त आता साधे पोहे पुढे ठेवले तरी आधी विचारते, “यात काय काय घातलंयस?” आणि मी एकेक जिन्नस सांगते, मोहरीपासून.