वेगाची नीती

‘अपघात’ हा शब्द आपण फार सैलपणे वापरतो. वीज कोसळून मनुष्य मेला तरी अपघात, आणि भरधाव मोटारीखाली सापडून मेला तरीही अपघातच. पहिल्या मृत्यूस कोणाचीही इच्छा कारण नसते. दुसऱ्याच्या मुळाशी मात्र बहुधा कोणाची तरी घाई असते. हा भेद एकाच शब्दाखाली झाकला गेल्यामुळे वेगाचे पाप दैवाच्या खात्यावर टाकून आपण मोकळे होतो.

लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आवारात १७ ऑगस्ट १८९६ रोजी ब्रिजेट ड्रिस्कॉल ही स्त्री मोटारीच्या धडकेने मरण पावली, तेव्हा असे पुन्हा न घडो अशी आशा चौकशी करणाऱ्या कॉरोनरने प्रकट केली होती. त्या आशेचे काय झाले, हे सांगावयास नकोच. एकट्या भारतात २०२२ साली रस्त्यांवर १,६८,४९१ माणसे मृत्युमुखी पडली; आणि केंद्र सरकारच्या अहवालानुसार त्यांतील शेकडा ७१ मृत्यू अतिवेगामुळे घडले.

एवढी किंमत मोजून आपण मिळवितो तरी काय? मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग सुमारे ९४ किलोमीटरांचा आहे. ताशी १०० किलोमीटर वेगाने तो ५६ मिनिटांत संपेल; १२० च्या वेगाने ४७ मिनिटांत. म्हणजे नफा नऊ मिनिटांचा. तोही घाट, गर्दी आणि टोलनाके जमेस न धरता. उलटपक्षी, धावत्या वाहनाची ऊर्जा वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. वेग शंभराचा एकशेवीस केला की ती शंभराची एकशेचव्वेचाळीस होते, आणि ब्रेक दाबल्यावर थांबण्यास लागणारे अंतरही त्याच मानाने वाढते. नऊ मिनिटे माझी. वाढलेला आघात मात्र जो कोणी समोर येईल त्याचा. या सौद्यास त्याची संमती मी कधी विचारलेली नसते.

यावर कोणी म्हणेल, “मी वर्षानुवर्षे वेगाने जातो, कोणास ओरखडाही उमटला नाही. मग माझा दोष कोणता?” समजा, दोन गृहस्थ एकाच गल्लीतून एकाच बेफाम वेगाने गेले. एकाच्या वाटेत मूल आले, दुसऱ्याच्या आले नाही. मूल येणे वा न येणे ही दोघांपैकी कोणाचीही करणी नव्हे. तरी आपण पहिल्यास अपराधी म्हणतो आणि दुसऱ्यास कुशल सारथी! कायदाही हाच भेद करतो. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत बेदरकार वाहन चालविण्यास जास्तीत जास्त सहा महिन्यांची कैद आहे. त्याच निष्काळजीपणाने मृत्यू ओढवल्यास ती पाच वर्षांपर्यंत जाते. कायद्याला परिणाम पाहणे भाग आहे, कारण झालेली हानी डोळ्यांना दिसते आणि तिचा न्याय मागणारे दाराशी उभे असतात. परंतु सदसद्विवेकबुद्धीला ही सवलत नाही. तिच्या न्यायासनापुढे ते दोघेही गृहस्थ सारखेच उभे आहेत.

प्रवास म्हटला की धोका आलाच, हा आक्षेप खरा आहे. पण अपुरा आहे. जो धोका सर्वजण एकमेकांसाठी सोसतात तो समाजजीवनाचा भाग होय. एकाने आपल्या सोयीसाठी तो वाढवावा आणि इतरांनी भोगावा, ही जुलमाची रीत झाली. त्यातही वाटसरू पायी असला, तर त्याच्यापाशी ना पोलादी कवच, ना पट्टा. आणि आपल्या रस्त्यांवर पायी चालणारा बहुधा गरीबच असतो. आसन्नमरण रोग्यास घेऊन धावणाऱ्याची गोष्ट वेगळी. तेथे एका प्राणासमोर दुसरा प्राण तोलला जातो. आपल्या नित्याच्या धावपळीत तराजूच्या एका पारड्यात नऊ मिनिटे असतात.

घाटाघाटांतून ‘अति घाई संकटात नेई’ अशी पाटी आढळते. ती खरी आहे. पण घाई करणाऱ्यास ती केवळ त्याच्या स्वतःच्या संकटाची आठवण देते. स्वतःच्या प्राणाची चिंता हे शहाणपण झाले. ज्याचे नावही आपणास ठाऊक नाही अशा वाटसरूच्या प्राणासाठी जो पाय आवरतो, त्यालाच नीती म्हणता येईल.