नक्कल आणि विवेक

मेहकरच्या जुन्या दगडी धर्मशाळेंत खांबांच्या रांगा आहेत. एकासारखा दुसरा खांब घडवावयाचा तर पाथरवटास छिन्नी पुन्हां धरावी लागे व नजरहि पुन्हां लावावी लागे. आज वास्तुशिल्पज्ञ संगणकावर एक खिडकी रेखाटून तिच्या शंभर नकला क्षणांत मांडतो. श्रम वांचले, हें इष्टच. मूळ आकृति सुधारतांच तिला जोडलेल्या साऱ्या नकलाहि सुधारतात. बांधलेल्या भिंती मात्र सुधारत नाहींत. पूर्वेची खिडकी तशीच पश्चिमेस बसविली, तर वऱ्हाडांतलें वैशाखाचें ऊन कोणीं सोसावयाचें? हाताचे श्रम यंत्राकडे सोंपवितां येतात, विवेक नाहीं. प्रत्येक खिडकीमागें राहणारा मनुष्य निराळा असतो; म्हणून प्रत्येक नकलेपाशीं क्षणभर थांबणें, हें रचनाकाराचें कर्तव्यच होय.